गर्टीचा भोपळा

गेल्या वर्षी श्रावणात, बाहेर पाऊस लागलेला आणि वर्गात अंधारून आलेले असताना, आठवीच्या इतिहासाच्या तासाला आम्ही एक वही जप्त केली. अशोकाचे शिलालेख चालले होते. शेवटच्या बाकावरचा एक मुलगा मान खाली घालून काहीतरी गिरवीत होता. दोनदा आम्ही दुर्लक्ष केले. तिसऱ्यांदा त्याच्या बाकापाशी गेलो. पाहतो तो दोनशेपानी वहीच्या खालच्या कोपऱ्यात अंगठ्याएवढी एक म्हैस काढलेली. वर्गाला हसवण्याचा मोह शिक्षकाच्या जिभेला फार वाईट असतो. "अरे, येथे इतिहास शिकायला येतोस की म्हशी राखायला?" असे आम्ही सर्वांना ऐकू जाईल अशा आवाजात विचारले. वर्ग खदखदून हसला. मुलाने मान वर केली, आणि त्याचे डोळे भरून आलेले आम्ही पाहिले. पाहिले म्हणजे, पाहून न पाहिल्यासारखे केले. वही उचलली आणि पुन्हा अशोकाकडे वळलो.

येथे एक गोष्ट सांगितली पाहिजे, नाहीतर वाचकांस आमचा अपराध लहान वाटेल. हा मुलगा घाटाखालचा, सत्तरी तालुक्यातला. मामाकडे राहून आमच्या शाळेत शिकतो. त्याच्या घरी खरोखरच म्हशी आहेत, आणि हे आम्हांस ठाऊक होते. ठाऊक नव्हते अशी सबबही आम्हांस सांगता येत नाही. ठाऊक होते म्हणूनच ते वाक्य आम्हांस सुचले. त्याची घरची भाषा कोकणी, आमचीही कोकणी. परंतु शाळेच्या फाटकातून आत शिरताना कोकणी बाहेर ठेवायची आणि शुद्ध मराठी तोंडात घ्यायची, ही आमची जुनी सवय. त्या मुलाला ती अजून जमलेली नव्हती. तो अडखळत बोले, म्हणून कमी बोले. आणि त्या दिवसानंतर तो बोलायचाच थांबला. वही मागायलासुद्धा आला नाही.

दसऱ्याच्या सुटीपूर्वी शिक्षकांच्या खोलीतले कपाट आवरताना ती वही पुन्हा हाती लागली. तपासलेल्या उत्तरपत्रिका, तुटकी पट्टी, वाळलेली शाईची दौत, आणि खाली ती. आम्ही सहज अंगठ्याने पाने फरफर सोडली. म्हैस चालू लागली! कोपऱ्याच्या उजव्या कडेने ती आत आली, दोन पावलांवर थांबली, मान वळवून आमच्याकडे पाहिले, शेपटीने पाठीवरची माशी उडवली, पुढचे पाय मुडपले, मग मागचे, आणि खाली बसली. पुढे पाने सुटतच राहिली, पण म्हैस काही उठेना. पुढे कोरे कागद होते. आम्ही मोजले. एकसष्ट कागदांवर एकसष्ट म्हशी, आणि बासष्टाव्या कागदावर आमचा अशोक येऊन आडवा झाला होता. मूकपटाच्या काळी सेकंदाला सुमारे सोळा चित्रे पडद्यावरून सरत. त्या हिशेबाने एकसष्ट चित्रांचा खेळ चार सेकंदही भरत नाही. तेवढ्यासाठी त्या मुलाने किती तास गिरवले असतील कोण जाणे. त्यांतले बरेचसे आमचेच असावेत.

त्या संध्याकाळी आम्हांस गर्टीची आठवण झाली. महाविद्यालयात असताना एका मित्राने आपल्या संगणकावर आम्हांस एक जुना मूकपट दाखवला होता. काळ्या रेघांनी काढलेले, लांब मानेचे, प्रचंड देहाचे एक डायनासोर त्यात होते. ती मादी, नाव गर्टी. हुकूम केला की ऐकते, कधी ऐकत नाही; रागावले की रडते. तेव्हा आम्ही हसून तो विसरलो होतो. आता ती म्हैस बसलेली पाहिली आणि ते डायनासोर आठवले, कारण दोघींचा हट्ट एकाच जातीचा होता.

गर्टीचा कर्ता विन्सर मॅके हा अमेरिकेतला व्यंगचित्रकार. न्यूयॉर्कच्या 'हेरल्ड' पत्रात १९०५ पासून 'लिटल नेमो' या स्वप्नाळू मुलाची त्याची चित्रमाला दर आठवड्यास प्रसिद्ध होई, आणि तिने त्याला घरोघरी पोचवले होते. परंतु आम्हां शिक्षकांना तो अधिक जवळचा वाटावा अशी त्याची दुसरीच एक गोष्ट आहे. १९०६ पासून तो करमणुकीच्या रंगमंचावर खडू आणि फळा घेऊन उभा राहत असे. समोर शेकडो प्रेक्षक, बाजूला वाद्यवृंद, आणि हा गृहस्थ फळ्यावर एक मुलगा व एक मुलगी काढायचा. रेघा पुसत, रेघा वाढवीत त्यांना तरुण करायचा, प्रौढ करायचा, शेवटी म्हातारे करायचा. फळ्यावर आयुष्य सरकत जायचे आणि लोक टाळ्या वाजवायचे. आम्ही गेली दहा वर्षे खडू हातात धरला आहे. आमच्या फळ्यावर सनावळ्यांखेरीज काही सरकलेले आम्हांस आठवत नाही.

चित्रांना प्रत्यक्ष चालवावे ही कल्पना मॅकेला कशी सुचली? त्याचा मुलगा रॉबर्ट घरी झरझर सोडण्याच्या चित्रपुस्तिका घेऊन येई. अंगठ्याने पाने सोडली की आतले चित्र हलते, अशी ती खेळणी. ती पाहून आपणांस हे सुचले, असे मॅके स्वतः सांगत असे. हे वाचले तेव्हा जप्त केलेली वही आमच्या टेबलावरच पडलेली होती. एका बापाने मुलाच्या हातातल्या असल्या पुस्तिकेकडे पाहिले आणि एक नवी कला सुरू केली. दुसऱ्या एका प्रौढ गृहस्थाने तसल्याच वस्तूकडे पाहिले आणि ती कपाटात घातली.

१९११ मध्ये मॅकेने नेमोची चित्रे हलवून दाखवली, १९१२ मध्ये एका लोभी डासाची. डास झोपलेल्या माणसाचे रक्त पितो, पितच राहतो आणि अखेर फुटतो. आमच्याकडच्या पावसाळ्यात तो फार लोकप्रिय होईल. लोक हसले, पण त्यांच्या मनात शंका राहिली. याने डास तारेने लोंबकळवला असेल, ही काही चित्रे नव्हेत, असे कित्येकांस वाटले. मॅके चिडला असावा. चिडलेला कलावंत कधीकधी फार चांगला विचार करतो. ज्याचे छायाचित्र कोणालाही घेता येणार नाही असा प्राणी त्याने निवडला. पृथ्वीवरून कोट्यवधी वर्षांपूर्वी नाहीसे झालेले डायनासोर! त्याला कोण तार बांधणार? न्यूयॉर्कच्या निसर्गेतिहास संग्रहालयात १९०५ पासून एका अजस्र ब्राँटोसॉरसचा सांगाडा उभा होता, आणि शहरातली पोरेसोरेही तो ओळखत होती. त्या हाडांवर मॅकेने मांस चढवले, आणि त्यात थोडा स्वभाव घातला.

हा स्वभाव घालण्याचे काम सोपे नव्हते. पातळ तांदळी कागदावर शाईने एकेक चित्र काढायचे. कागद एकावर एक अचूक बसावेत म्हणून कोपऱ्यांत फुल्या मारायच्या. मग प्रत्येक चित्र पुठ्ठ्यावर चिकटवून त्याचे छायाचित्र घ्यायचे. पुढे आकृती पारदर्शक सेल्युलॉइडवर काढून खालचा देखावा तसाच ठेवण्याची युक्ती निघाली. मॅकेने ती वापरलेली नव्हती. म्हणून गर्टीबरोबर मागचे डोंगर, खडक, तळे, सगळे प्रत्येक कागदावर पुन्हा उतरवावे लागे. ते काम जॉन फिट्झसिमन्स नावाच्या एका कलाविद्यार्थ्याने केले. अशी सुमारे दहा हजार चित्रे झाली असे मॅकेने जाहीर केले होते. चित्रपट पाहताना डोंगरांच्या रेघा किंचित थरथरतात. तो त्या विद्यार्थ्याच्या हाताचा थरकाप आहे. आमच्या मते तो दोष नव्हे. निर्जीव डोंगरही तेथे थोडे जिवंत वाटतात.

आणि श्वास! गर्टी नुसती उभी असते तेव्हाही तिचे पोट वर येते, खाली जाते. ती श्वास कितक्या वेगाने घेत असेल हे ठरवण्यासाठी मॅकेने घड्याळ लावून स्वतःचा श्वास मोजला. ज्या प्राण्याचा शेवटचा श्वास मनुष्य जन्मण्याच्या कितीतरी आधी सुटला, त्याला या माणसाने स्वतःचा उसना दिला.

८ फेब्रुवारी १९१४ रोजी शिकागोच्या पॅलेस नाट्यगृहात गर्टी प्रथम लोकांपुढे आली. आणि ती एकटी आली नाही. पडद्याच्या शेजारी हातात चाबूक घेऊन स्वतः मॅके उभा होता, सर्कशीतल्या प्राणिशिक्षकाच्या थाटात. तो प्रेक्षकांशी बोले, गर्टीला हाक मारी, आणि ती पडद्यावर खडकाआडून लाजत लाजत बाहेर येई. 'उजवा पाय वर कर' म्हटले की वर करी. त्याने सफरचंद फेकल्याचा अभिनय करून ते हातात लपवले की पडद्यावरची गर्टी ते तोंडात झेली. शेवटी मॅके पडद्यामागे चालत जाई आणि त्याच क्षणी चित्रातला मॅके पडद्यावर प्रगट होई. गर्टी त्याला उचलून पाठीवर घेई आणि दोघे निघून जात. मूकपट मुका असतो असे आपण सहज म्हणतो, पण गर्टी पहिल्या दिवसापासून कोणाच्यातरी आवाजावर चालत होती. आमच्या सावंतवाडीकडे, कुडाळजवळच्या पिंगुळीला ठाकर समाजाचे चित्रकथी एकेक चित्र पुढे धरून रामायणाच्या कथा गातात. तेथेही चित्रे मुकी आणि सांगणारा बोलका. फरक एवढाच की पिंगुळीची चित्रे सांगणाऱ्याचे ऐकून पाय वर करीत नाहीत.

याच सुमारास आपल्याकडे काय चालले होते, हे सांगण्याचा मोह आवरत नाही. गर्टी शिकागोला येण्याच्या नऊ महिने आधी, ३ मे १९१३ रोजी, मुंबईत दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' लोकांपुढे आला होता. त्याच्याही आधी फाळक्यांनी कुंडीत वाटाण्याचा दाणा पेरून, रोज थोडेथोडे चित्र घेत, कोंब वाढताना पडद्यावर दाखवला होता. पुढे त्यांनी आगकाड्यांनाही कॅमेऱ्यापुढे एकेक हालवून नाचवले. मॅकेला दहा हजार कागद लागले, फाळक्यांना एक रोपटे आणि काड्यापेटी. दोघांची चिकाटी मात्र एकच: एक चित्र घ्यायचे, थांबायचे, पुन्हा एक घ्यायचे.

मॅके ज्या पत्रात तेव्हा नोकरीस होता त्याचे मालक हर्स्ट यांना आपला चित्रकार रंगमंचावर चाबूक फिरवतो हे रुचले नाही. त्यांनी त्याच्या दौऱ्यांना बंदी केली. तेव्हा १९१४ च्या अखेरीस गर्टीला मालकाविना गावोगाव जाता यावे म्हणून चित्रपटगृहांसाठी वेगळी प्रत तयार झाली. तिच्या आरंभी मॅके व त्याचे मित्र मोटारीतून जात असता संग्रहालयासमोर चाक पंक्चर होते. मंडळी आत जाऊन सांगाडा पाहतात. आणि 'मी याला जिवंत करून दाखवतो' अशी पैज मॅके आपला सहव्यवसायी जॉर्ज मॅकमॅनस याच्याशी मारतो. हरेल त्याने सर्वांना जेवण घालायचे. एक नोकर चित्रांचा भारा घेऊन येतो आणि कोलमडून सगळे कागद विखुरतो. शिक्षकांच्या खोलीत उत्तरपत्रिकांचे गठ्ठे पाहिलेल्या माणसाला त्या प्रसंगी हसू येत नाही. रंगमंचावर मॅके जे बोलत असे ते या प्रतीत अक्षरपाट्यांवर छापून आले. आज आपणांस पाहावयास मिळते ती हीच प्रत.

ही प्रत आम्ही सुटीनंतरच्या पहिल्या शनिवारी अर्ध्या दिवसाची शाळा सुटल्यावर संगणकाच्या खोलीत आठवीला दाखवली. खरे सांगायचे तर त्या मुलाला वही परत कशी द्यावी हे आम्हांस कळत नव्हते. नुसती टेबलावर ठेवून 'घे' म्हणणे सोपे होते, आणि नेमके तेच जमत नव्हते. म्हणून बेचाळीस मुलांना जमवून, एका मुलासाठी, शंभर वर्षांहून जुने डायनासोर आम्ही बोलावून आणले. प्रौढ माणसे सरळ वाटेने फार क्वचित जातात.

दिवे मालवले. पडदा उजळला. "सर, आवाज येत नाही!" चार मुले एकदम ओरडली. एकाने उठून ध्वनिक्षेपकाची तारही हलवून पाहिली. आवाज नाहीच, असा चित्रपट आहे, असे सांगितल्यावर क्षणभर मोठी निराशा पसरली. अक्षरपाट्या इंग्रजी, आणि त्या भराभर जात. म्हणून त्यांचे मराठी करून सांगण्यासाठी आम्ही पडद्याच्या बाजूला जाऊन उभे राहिलो. हातात नकाशा दाखवण्याची छडी होती. थोड्या वेळाने आमच्या ध्यानात आले की आपण कोणाच्या जागी उभे आहोत.

"गर्टी, बाहेर ये!" आम्ही म्हणालो, आणि ती खडकाआडून मान काढून आली. तिने वाटेत एक दगड गिळला, एक झाड मुळासकट ओरबाडून खाल्ले. मुले खुदखुदू लागली. "मंडळींना नमस्कार कर!" तिने मान लववली. "उजवा पाय वर!" तिने केला. मागच्या एका मुलाने हळूच कवायतीच्या सरांची नक्कल केली, ती आम्ही ऐकली नाही. मग गर्टीचे चित्त विचलित झाले. तळ्यातून एका जलसर्पाने मान वर काढली, तिकडे ती पाहत बसली. कोणी जंबो नावाचा मॅमथ समोरून चालला, त्याची शेपटी धरून तिने त्याला उचलले आणि तळ्यात भिरकावले. वर्ग टाळ्या पिटू लागला. त्या बिचाऱ्याने पोहत जाऊन सोंडेने तिच्या अंगावर पाणी उडवले, तर तिने त्याच्यावर धोंडा फेकला. एवढे करून तहान लागली म्हणून तिने सगळे तळे पिऊन टाकले! आज्ञा पाळण्याची तिची इच्छाच नाही असे नव्हे. पण जगात पाहण्यासारखे इतके काही असताना मालकाच्या डाव्या-उजव्यात किती वेळ घालवावा, असा तिचा प्रश्न दिसतो. तिच्या आधीही पडद्यावर चित्रे हलली होती. पण जिला सांगितलेले नकोसे वाटते असे चित्र तोवर फारसे कोणी पाहिलेले नव्हते.

या खोड्यांच्या अधेमध्ये एके ठिकाणी मालक रागावतो. ती पाटी आली तेव्हा आम्ही तिचे मराठी केले: "गर्टी, तू वाईट मुलगी आहेस!" केवळ भाषांतर म्हणून म्हणावे असे मनात होते. पण रागावण्याचा स्वर घशात तयारच असतो. तो श्रावणातल्या त्या दुपारचाच निघाला, तितकाच मोठा, तितकाच चारचौघांसाठी. गर्टीने मान खाली घातली. तिचे ते प्रचंड अंग हुंदक्यांनी हलू लागले आणि डोळ्यांतून टपोरे थेंब पडू लागले. वर्ग हसला. डायनासोर रडते यात हसण्यासारखे आहेच. मॅकेने ते हसण्यासाठीच केले. शेवटच्या रांगेत एक मुलगा हसला नाही. पडद्याच्या उजेडात त्याचे तोंड आम्हांस स्पष्ट दिसत होते.

त्या रात्री आम्ही घरी तेवढाच भाग पुन्हा पाहिला, थांबवून थांबवून, एकेक चित्र. आणि आमच्या मनात आले की हा मॅके मोठा विलक्षण मालक होता. चाबूक घेऊन रागावणारा तोच, आणि रडू काढणाराही तोच. रागावायला त्याला एक क्षण पुरत होता. पण त्या रागाने आलेले रडे त्याला कागदावर कागद घेऊन, थेंबामागून थेंब, काढावे लागले होते. थेंब पापणीवर येतो तेव्हा एक चित्र, फुगतो तेव्हा दुसरे, सुटतो तेव्हा तिसरे. मान जरा खाली, मग आणखी खाली. आणि रडतानाही पोटाचा श्वास चुकता कामा नये. आपण रडवलेल्या जीवाकडे इतका वेळ आणि इतक्या बारकाईने पाहण्याची शिक्षा कोणत्या शिक्षकाने भोगली आहे? आम्ही तर त्या दुपारी अर्धा क्षणही पाहिले नव्हते. ते भरलेले डोळे काढून दाखवा असे कोणी सांगितले असते तर आम्हांस काढता आले नसते, आणि ते आमच्या चित्रकलेच्या अज्ञानामुळे नव्हे.

पडद्यावर पुढे काय होते? गर्टी रडू लागताच मालकाला पाझर फुटतो. रडू नकोस म्हणून तो तिच्याकडे एक गोल फळ फेकतो. रंगमंचावर ते सफरचंद होते. चित्रपटाच्या प्रतीत अक्षरपाटी त्याला भोपळा म्हणते, कारण गर्टीच्या तोंडाच्या मानाने ते सफरचंद भलतेच मोठे दिसे. "रडू नको, हा घे भोपळा!" असे आम्ही म्हणताच वर्गाची हसून हसून मुरकुंडी वळली. आमच्याकडे परीक्षेत शून्य मिळाले की भोपळा मिळाला म्हणतात. रडणाऱ्या मुलीला गुरुजींनी वर भोपळाही दिला, असा अर्थ मुलांनी घेतला, आणि तो अनुभवास धरून होता.

दिवे लागल्यावर प्रश्नांचा भडिमार झाला. इतकी चित्रे काढायला किती दिवस लागले, तळ्याचे पाणी कसे संपवले, चित्रातला माणूस पाठीवर कसा बसला. आम्ही यथाशक्ती उत्तरे दिली. वॉल्ट डिस्ने यांनी १९५५ मध्ये दूरचित्रवाणीवर मॅकेचा हा रंगमंचावरचा प्रयोग पुन्हा उभा करून दाखवला होता, हेही सांगितले. आणि अमेरिकेतल्या फ्लोरिडात १९८९ मध्ये गर्टीच्या आकाराचे आइस्क्रीमचे दुकान उभारण्यात आले, हे सांगितल्यावर इतिहासाबद्दल एवढा आदर आमच्या वर्गाने प्रथमच दाखवला. मुले दप्तरे उचलून निघाली. तो मुलगा रेंगाळला. सगळे दाराबाहेर गेल्यावर तो पुढे आला आणि छडीकडे पाहत त्याने विचारले, "सर, तो तिका सॉरी म्हणना?"

प्रश्न कोकणीत होता. दोन महिन्यांत त्याने आम्हांस विचारलेला पहिलाच. त्याचे शुद्ध मराठी रूप आम्हांस सांगता आले असते, आणि एरवी आम्ही ते सांगितलेही असते. आम्ही म्हणालो, "ना. दुदी दिता."

आमच्या कोकणीत भोपळ्याला दुदी म्हणतात. दुदीला कोणी शून्य म्हणत नाही, त्यामुळे ती कोटी तेथे चालत नाही. नुसती भाजीची दुदी राहते. मुलगा किंचित हसला. मग आम्ही, मॅकेने जे केले नाही ते, त्याच भाषेत, फार वाईट तऱ्हेने, अर्धे वाक्य गिळत केले. तो आपल्या चपलांच्या अंगठ्याकडे पाहत होता. आमचे बोलणे संपल्यावर त्याने मान वर केली.

"सर, म्हजी वही?"

वही आम्ही पिशवीतून काढून दिली. त्याने तेथेच पाने सोडून पाहिली, म्हैस जागेवर बसली आहे याची खात्री करून घेतली, आणि धावत गेला.

मार्चमध्ये वर्षअखेरीच्या तपासणीसाठी सगळ्यांच्या वह्या आल्या. त्याची वही हाती येताच, वाचकहो, आम्ही अशोक पाहिला नाही, मौर्य पाहिले नाहीत. दार लोटून घेतले आणि अंगठा लावला. म्हैस आली, थांबली, बसली. सत्तराव्या कागदापर्यंत नुसती बसून होती. पण आता तिचे पोट वर येत होते आणि खाली जात होते. एकाहत्तराव्या कागदावर कडेने एक माणूस आला. चष्मा होता, हातात छडी होती, पोट थोडे पुढे आलेले होते; ओळख पटायला अडचण पडली नाही. त्याने छडी वर केली. म्हैस पाहत राहिली. त्याने छडी खाली ठेवली आणि खिशातून काहीतरी वाटोळे काढून पुढे धरले. म्हैस उठली, ते खाल्ले, मग त्या माणसाची पिशवीही खाल्ली, आणि शेपटी हलवीत कोपऱ्याबाहेर निघून गेली. शेवटचे चार कागद तो माणूस एकटाच उभा होता.

इतिहासाच्या नोंदी मात्र नोव्हेंबरपासून अपूर्ण होत्या. त्याबद्दल आम्ही दहांपैकी चार गुण कापले.